बावन्न नंबरचा झेल

गणपती उठले, सोयाबीनच्या शेंगा वाळून खुळखुळायला लागल्या, की माझं डोकं फिरायला सुरुवात होते. घरात आता सगळ्यांना ते पाठ झालंय. बायको चहाचा कप ठेवता ठेवता म्हणते, "आला का तुमचा महिना?" गावाबाहेर मळणीयंत्रं चालू झालेली असतात, त्यांचा भुसा वाऱ्यावर थेट लातुरातल्या गच्च्यांवर येऊन बसतो, नाक गळतं, डोळे चुरचुरतात, आणि ह्याच दिवसांत शाळा-कॉलेजांच्या क्रीडा स्पर्धा असतात. चौतीस वर्षं हे दिवस मी गळ्यात शिट्टी आणि हातात यादी घेऊन काढले. रिटायर होऊन सात वर्षं झाली. तरी सकाळी कठड्यावर भुसा दिसला की हात आपोआप गळ्याकडे जातो.

लातुरात खेळाचा मास्तर असणं ही काय चीज आहे, ते बाहेरच्याला सांगून कळायचं नाही. सगळीकडून पोरं इथं येतात ती डॉक्टर व्हायला. किनवटहून, हदगावहून बाप ट्रंका घेऊन यायचे, पोराला खोलीवर सोडायचे, मेस लावून द्यायचे आणि जाता जाता मलाच बजावून जायचे, "सर, ह्याला खेळाबिळात ओढू नका बरं का." अहो, मी खेळाचाच मास्तर आहे, मी काय भाजी विकायला बसलोय का! फिजिक्सवाले सर स्टाफरूममध्ये गोड आवाजात म्हणायचे, "आजचा तुमचा तास द्या की. तुमचं काय, पोरं नुसती पळणार." दिला. एकदा दिला, दहादा दिला, मग त्यांनी विचारायचंच बंद केलं. मैदानाचंही तेच झालं. अर्धं सायकलींनी खाल्लं, उरलेल्या अर्ध्यावर टेस्ट हॉल उठला. हॉलच्या मागं बोरीबाभळींची एक पट्टी तेवढी राहिली, ती माझी.

आणि अशा गावात मी अमेरिकन फुटबॉलचा संघ काढला. हसा. मीही हसलो असतो, पण त्या हंगामाची आठवण आली की हसू येत नाही.

झालं असं की राज्यस्तरावर खेळलेल्या पोरांना बारावीला वाढीव गुण मिळायचे. पुढं पोलिस भरतीत खेळाडूंसाठी जागा असायच्या, तिथंही तेच प्रमाणपत्र चालायचं. ही गोष्ट एकदा आईबापांना कळली आणि कालपर्यंत खेळाला शिव्या घालणारे लोक माझ्या दारात उभे राहायला लागले. "सर, गर्दी कोणत्या खेळात कमी हाय?" खेळ कोणता, पोराला जमतो का, आवडतो का, काही विचारायचं नाही. गर्दी कुठं कमी हाय, एवढंच! कबड्डीत गर्दी, खो-खोत तर खरंच पळावं लागतं. मग मान्य खेळांच्या सरकारी यादीत शेवटी कुठंतरी हे नाव सापडलं. आमच्या विभागात ह्या खेळाचे दोनच संघ निघाले, एक आमचा आणि एक नांदेडचा. म्हणजे एकच सामना. तो जिंकला की राज्यस्तर. हा हिशेब आमच्या गावाला मांडून दाखवावा लागत नाही.

चेंडू मात्र माझ्याकडे आधीपासून होता, आणि तो भूकंपातून आलेला होता. त्र्याण्णव साली किल्लारीकडची गावं पडली तेव्हा मी तेहतीस वर्षांचा होतो. कॉलेजची पोरं घेऊन मी मदतीला गेलो ते महिनाभर तिथंच राहिलो. दगडं उचलून हात सोलपटले होते. छावणीत एक परदेशी स्वयंसेवक होता, उंच, लालबुंद, उन्हानं नाकाचं कातडं निघालेला. दुपारी पत्र्याच्या शेडबाहेर तो लहान पोरांना एक लांबट चेंडू फेकून द्यायचा. पोरं त्याला पपई म्हणायची. ज्या पोरांच्या घरातलं निम्मं माणूस गेलं होतं ती पोरं पपई झेलायला पळायची. मला ते बघवायचंही नाही आणि तिथून हलवायचंही नाही. जाताना त्यानं तो चेंडू माझ्या हातात ठेवला. सतरा वर्षं तो कॉलेजच्या कपाटात थाळीफेकीच्या थाळ्यांमागं पडून होता.

त्याच शेडमध्ये एक माणूस तान्ह्या पोराला मांडीवर घेऊन बसलेला असायचा. बसवंतअप्पा. त्यांचं गावात किराणा दुकान होतं. बायको गेली, दुकान गेलं, पोरगं लाकडी बाजेखाली सापडलं म्हणून वाचलं. तीन महिन्यांचं होतं. त्याला दूध पाजताना अप्पा कुणाकडं बघायचे नाहीत. तेच पोरगं सतरा वर्षांनी माझ्यासमोर येऊन उभं राहिलं. "सर, मी नागनाथ. अप्पा म्हणले, तुम्ही वळखताव."

नागनाथला डॉक्टर व्हायचं नव्हतं. अप्पांची इच्छा होती, म्हणून तो आमच्या कॉलेजात आणि बाहेर डॉक्टरकीच्या शिकवणीत होता. ह्या शिकवण्यांमध्ये दर पंधरवड्याला टेस्ट असते, आणि टेस्टवरून तुकड्या पडतात. पहिली तुकडी पंख्याखाली, शेवटची जिन्याजवळ. नागनाथ पहिल्या दिवसापासून जिन्याजवळ. त्याला पोलिसात जायचं होतं. छाती होती, दम होता, पळायचा तर असा की बघत राहावं. "लेखी परीक्षेत मी मार खातो, सर," तो मला सरळ म्हणाला. "राज्याचं प्रमाणपत्र मिळालं तर खेळाडूंच्या जागेतून लागंल. तेवढं मिळवून द्या." बाकीच्या पोरांना चार गुण वाढवून हवे होते. ह्याचं सगळं आयुष्य त्या एका कागदावर होतं, आणि ते त्यानं माझ्यावर सोपवलं.

नियमांचं पुस्तक हैदराबादच्या एका ओळखीच्यानं झेरॉक्स करून पाठवलं. इंग्रजी. माझं इंग्रजी यथातथाच. मी डिक्शनरी घेऊन बसलो, अडलं तिथं इंग्रजीच्या सरांना विचारलं, आणि महिनाभर खपून शंभर पानी वहीत मराठीत सगळं उतरवलं. बहुतेक सगळं. मग झाडाखाली पोरांना गोल बसवून वाचून दाखवायला लागलो.

त्या खेळात अकरा गडी. चेंडू पुढं फेकायचा आणि पुढच्यानं झेलायचा, इथपर्यंत सोपं. पण झेलायचा कुणी, ह्याला नियम. रेषेवर सात जण उभे राहतात. त्यांतले दोन टोकांचे झेलू शकतात, मागं उभे असलेले चौघेही झेलू शकतात. मधले पाच झेलू शकत नाहीत. त्यांनी फक्त समोरच्यांना अडवायचं. चेंडू पुढून अंगावर आला तरी हात लावायचा नाही. लावला तर दंड. शिवाय नंबर वाटलेले. पन्नास ते एकोणऐंशी हे नंबर त्या मधल्या पाचांचे. पंचाला लांबून नंबर दिसला की कळावं, हा झेलणारा, हा न झेलणारा. समोरच्या संघातल्या कुणाचा हात चेंडूला लागला तर मात्र सगळे झेलायला मोकळे. मागं टाकलेला चेंडू कुणीही घ्यावा. पुढं टाकलेला मात्र ज्याचा त्यानंच.

मी वाचून संपवलं. मग नागनाथनं विचारलं, "सर, मधल्या पाचानं काय गुन्हा केलाय?"

"गुन्हा कशाचा? नियम आहे."

"कुणी केला?"

"अमेरिकेत केला."

"त्यांनी काय बघितलं व्हतं का आम्हाला?"

सगळे हसले. मी शिट्टी वाजवली. उत्तर नसलं की मी शिट्टी वाजवायचो.

मधले पाच कोण, हे मी ठरवायचं होतं, आणि इथं माझी पहिली लाज. पोरांच्या हातांकडं बघून ठरवायला पाहिजे होतं. पण दुसऱ्याच दिवशी पहिल्या तुकडीच्या पोरांचे बाप आले. एक साहेब तर गाडीतून उतरलेही नाहीत, काच खाली करून म्हणाले, "सर, आमच्या ओंकारला मध्ये टाकू नका. मधल्यांना चेंडूच मिळत नाही म्हणता, मग पेपरात नाव कसं येणार?" ओंकार शिकवणीत पहिला होता. मी त्याला चेंडू फेकणारा केलं. त्याच्या बाकावरच्या पोरांना झेलणारे केलं. जिन्याजवळची पाच पोरं मधे घातली. कुणी मला दम दिला नव्हता, कुणी काही दिलंही नव्हतं. मलाच हुज्जत नको होती. अख्खी नोकरी मी हुज्जत टाळत काढली, हे आता कबूल करायला काय हरकत आहे?

आणि ही पहिल्या तुकडीची पोरं झेलायची कशी, तर डोळे मिटून! चष्मे सांभाळायचे, बोटं सांभाळायची. "सर, पेन धरायचं बोट आहे." मी ओरडायचो, "अरे, चेंडू आहे तो, साप नाही!" उपयोग शून्य. सराव अर्धा तास, त्यात दहा मिनिटं हजेरी, आणि मग कुणाचा तरी मोबाइल वाजायचा, डाउट सेशन आहे म्हणून चौघे पसार. नागनाथ थांबायचा. सगळे गेल्यावर टेस्ट हॉलच्या भिंतीवर चेंडू मारून एकटाच झेलायचा. लांबट चेंडू भिंतीवरून कुठंही उडतो, तरी त्याच्या हातातून सुटायचा नाही. आतून पर्यवेक्षक खिडकी उघडून खेकसायचे, "ए, आत पेपर चालू आहे!" मी विचारलं, "तुला तर झेलायचंच नाही, मग कशाला एवढं?" तो म्हणाला, "समोरच्याचा हात लागला तर मी झेलू शकतो न्हवं, सर? आपुन तयार असावं."

हेल्मेटं, खांद्यांची चिलखतं असलं आमच्याकडं काही नव्हतं. नांदेडकरांकडंही नव्हतं. म्हणून दोन्ही संघांनी ठरवलं, गड्याला पाडायचं नाही, दोन्ही हातांनी शिवलं की तो थांबला. बाकी नियम पुस्तकातले. बनियन मात्र सगळ्यांना एकसारखे घेतले आणि नंबर रंगवायला गोलाई चौकाजवळच्या रफिकभाई पेंटरकडं गेलो. दुकानांच्या पाट्या, लग्नाचे बोर्ड, ट्रकच्या मागचे मोर, सगळं रफिकभाईंच्या हातचं. मी यादी पुढं केली. पोरांनी आपापल्या हौसेनं नंबर घेतले होते. मधल्या पाचांना मी पन्नास ते एकोणऐंशीमधला हवा तो घ्या म्हणून सांगितलं होतं.

"सर, ये बावन कौन लिया?" रफिकभाईंनी विचारलं. "पोरां सात लेते, दस लेते. बावन कायकू?"

नागनाथ माझ्यासोबत होता. तो म्हणाला, "भूकंपात बावन्न गावं उठली, चाचा. आमचं धरून. म्हून."

रफिकभाईंनी ब्रश डब्यावर आडवा ठेवला. भूकंपाच्या वेळी मदतीच्या ट्रकांवर लावायचे कापडी फलक त्यांनीच लिहिले होते. त्यांनी बाकीच्यांचे नंबर एका हातात उरकले आणि बावन्नवर तीनदा रंग चढवला. पांढरा, जाड. "दूर से दिखना," ते म्हणाले. दिसला. फार लांबून दिसला.

सामना नांदेडला होता. टेंपोत पोरं, पाण्याचे जार, केळी. अहमदपूरच्या पुढं दोन्हीकडं सोयाबीनच्या काढणीची गडबड, रस्त्यावर पसरलेल्या शेंगा, टेंपोच्या चाकाखाली त्या कडाकड फुटायच्या. पहिल्या तुकडीची पोरं मांडीवर नोट्स घेऊन बसली होती. नागनाथनं चेंडू पोटाशी धरला होता. रफिकभाई दुकान बंद करून आले होते, आणि अप्पा गावाकडून एसटीनं थेट नांदेडला पोहोचले होते, धुतलेलं धोतर, कपाळावर भस्म, हातात चिवड्याची पिशवी. मला म्हणाले, "सर, मला ह्यातलं काय बी कळत न्हाई. पोरगं खूश हाय, एवढं कळतं."

आमची पोरं वाईट खेळली. दुसरा शब्द नाही. ओंकारनं चांगले चेंडू फेकले, मी खोटं बोलणार नाही, पण झेलणाऱ्यांनी एकूण एक सोडले. एकाच्या छातीवर आदळून पडला, एकानं तर चेंडू येताना बघून पाठ फिरवली. मधल्या पाचांनी मात्र दोन तास उन्हात समोरच्यांना असं रोखून धरलं की नांदेडचा मास्तर माझ्यापाशी येऊन विचारून गेला, ही पोरं कोणत्या तालमीतली? एकदा आमच्या एका गड्यानं मुसंडी मारून सहा गुण आणले. नांदेडकर चार गुणांनी पुढं होते. शेवटचा एक डाव, म्हणजे चेंडू टाकायची एकच संधी राहिली होती. चेंडू झेलून मैदानाच्या शेवटच्या रेषेपलीकडं नेला तर सहा गुण आणि आम्ही जिंकलो, नाहीतर घरी.

मी पंचाला थांबवून पोरांना जवळ बोलावलं. झेलणाऱ्यांचे चेहरे पडले होते. आणि माझ्या डोक्यात एकच गोष्ट आली, टेस्ट हॉलची भिंत. मी म्हणालो, "नागनाथ, तू उजव्या टोकाला जा. तिथला आत येईल. ओंकार, चेंडू नागनाथला." ओंकारनं मान डोलावली. नागनाथनं विचारलं, "सर, मी? झेलू?" मी म्हणालो, "झेल रे बाबा, झेल!"

तो टोकाला जाऊन उभा राहिला. चेंडू निघाला, उंच गेला, जरा वाकडाच होता. नागनाथ नांदेडच्या दोघांच्या मधून उठला आणि चेंडू दोन्ही हातांनी छातीशी घेतला. मग पळाला. रेषा ओलांडून आणखी वीस पावलं पळतच राहिला. रफिकभाई मैदानात घुसले. अप्पांनी टोपी वर फेकली, चिवडा सांडला, त्यांना कशाचंही भान नव्हतं. मधली चार पोरं नागनाथच्या अंगावर जाऊन पडली. मी रडत होतो, सांगायला लाज वाटत नाही.

मग कुणीतरी म्हणालं, सर, ते बघा. मैदानात पिवळा रुमाल पडला होता. नियम मोडला की पंच तो टाकतो.

पंच हैदराबादहून आलेला तरणा माणूस होता. सबंध सामन्यात त्याचा आवाज चढला नव्हता. तो माझ्याकडं आला आणि अगदी अदबीनं म्हणाला, "सर, बावन नंबर झेल नहीं सकता. पचास से उन्नासी, बीचवालों के नंबर हैं."

"पण तो टोकाला उभा होता!" मी ओरडलो. "मधे नव्हता, टोकाला होता!"

"टोक पे खडा रहा तो भी नंबर वही है ना, सर. खेल के पहले आ के मेरे को बोलना था. बावन आज टोक पे खेलेगा, झेलेगा. मैं सामनेवालों को बता देता. बस इतनाच."

एवढंच. डावाआधी चार पावलं चालत जायचं आणि एक वाक्य बोलायचं. मी त्याच्याशी भांडलो, नांदेडच्या मास्तरला मधे ओढलं, पुस्तक दाखव म्हणालो, त्यानं दाखवलं. नागनाथ येऊन शेजारी उभा राहिला होता. चेंडू अजून काखेत होता. त्यानं सगळं ऐकलं आणि पंचाला विचारलं, "सर, अब बोला तो चलेगा क्या?"

पंचानं खाली बघितलं. "अब बोल के क्या फायदा, भाई? पहले बोलना था."

अप्पा तोपर्यंत जवळ आले होते. काय झालं ते त्यांना रफिकभाईंनी समजावून सांगितलं. ते रागावले नाहीत. फक्त म्हणाले, "हे असंच असतं, सर. भूकंपानंतर घरांच्या याद्या झाल्या, तवा मी पोराला घेऊन सोलापूरला दवाखान्यात व्हतो. आधी सांगाया गेलो तर म्हणले, थांबा, यादी लागू द्या. यादी लागल्यावर गेलो तर म्हणले, आधी का न्हाई सांगितलं? घर मिळालं शेवटी, पर हेलपाट्यानं चपला झिजल्या." मग वाकून सांडलेल्या चिवड्याची पिशवी उचलली आणि टोपी झटकून डोक्यावर ठेवली.

परतीच्या टेंपोत पहिल्या तुकडीच्या पोरांनी नोट्स उघडल्या. नागनाथ मागच्या फळीशी बसला होता. मी त्याच्याजवळ गेलो. तो म्हणाला, "सर, हे पंचाला सांगायचं असतं, हे आपल्या वहीत कसं न्हाई आलं?"

मी म्हणालो, "आपल्याकडं आलेल्या झेरॉक्समध्ये ते पानच नव्हतं रे."

पान होतं. माझ्या डोळ्यांसमोर अजून आहे, वरचा कोपरा काळा आलेला. मी ते वाचलं होतं, इंग्रजीच्या सरांकडून नीट समजून घेतलं होतं. मधल्या नंबरचा गडी पंचाला आधी सांगून झेलणारा होऊ शकतो. आणि मी पेन खाली ठेवून विचार केला होता की हे पोरांना सांगितलं तर मधले पाचही रोज उठून म्हणतील, सर, आज मी सांगतो, आज मी झेलतो. मग ते बाप येतील, गाडीची काच खाली होईल, कटकट होईल. कशाला नसती भानगड! म्हणून ते पान मी वहीत उतरवलंच नाही. पुढच्या पानावर गेलो. शेवटच्या डावाला ते आठवलंही नाही. रुमाल पडला तेव्हा आठवलं, आणि मी सगळ्यांत मोठ्यानं पंचावर ओरडलो.

नागनाथला राज्याचं प्रमाणपत्र मिळालं नाही. बारावी कशीबशी निघाली. पोलिस भरतीला तो तीनदा उभा राहिला, मैदानात पहिला यायचा आणि लेखीत थोडक्यात राहायचा. दर खेपेला येऊन सांगून जायचा, पाया पडून जायचा. मी म्हणायचो, त्या पंचानं तुझं वाटोळं केलं बघ. असं म्हणालो मी! एकदा नव्हे. शिकवण्यांना शिव्या दिल्या, आईबापांना दिल्या, अमेरिकेत बसून नियम करणाऱ्यांना दिल्या. चिडचिडा म्हातारा म्हणून गल्लीत माझं नाव झालं. चिडायला ऑक्टोबर पुरायचा नाही.

परवा नांदेडला निघालो होतो, पुतणीच्या बाळाचं बारसं होतं. एसटीत खिडकीजवळ बसलो. अहमदपूर मागं पडलं, पुन्हा तोच भुसा, रस्त्यावर वाळत घातलेल्या त्याच शेंगा. मागून आवाज आला, "सर? तुम्ही?" खाकी कपडे, खांद्याला बॅग, हातात तिकिटाचं मशीन. नागनाथ. अंगानं भरला होता, कानशिलावर दोनचार केस पांढरे. एसटीत कंडक्टर लागला हे ऐकून होतो. पण त्याची गाडी आपल्याला लागावी असं कधी वाटलं नव्हतं.

तो वाकला, गर्दीत पाया पडला. "पूर्ण का अर्धं, सर? पासष्ट झाली असली तर आधीच सांगा. मशीनमधून निघालं की बदलत न्हाई." आणि स्वतःच हसला. अर्धं, मी म्हणालो. अप्पा बरे आहेत, म्हणाला. रफिकभाईंची नजर गेली, आता मुलगा दुकान बघतो. बावन्न नंबरचा बनियन घरी आहे, पोरगी घालून अंगणात पळते. असं सगळं उभ्या उभ्या सांगत होता, आणि मला पुढचं काही ऐकू येत नव्हतं. नांदेड आलं असतं, मी उतरलो असतो, झालं असतं. चौदा-पंधरा वर्षं गेली तशी आणखी गेली असती.

"नागनाथ," मी म्हणालो. "ते पान होतं."

"कोणचं पान, सर?"

"पंचाला आधी सांगायचं, ते. झेरॉक्समध्ये होतं. मी वाचलं होतं. मुद्दाम वहीत घेतलं नाही. तुम्ही मधले पाच रोज मागं लागाल म्हणून. तुला टेंपोत खोटं सांगितलं."

मशीनवरचा त्याचा अंगठा थांबला. तिकीट अर्धं बाहेर आलेलं तसंच लोंबत राहिलं. मागून एक बाई म्हणाली, "ओ कंडक्टर, आमचं तिकीट कवा?" त्यानं ऐकलं नाही. कुणाच्यातरी शेंगांवरून गाडी गेली आणि खाली कडाकड आवाज झाला.

मला वाटलं ओरडेल. ओरडला असता तर बरं झालं असतं. त्यानं तिकीट फाडलं, माझ्या हातात दिलं, माझी बोटं त्यावर नीट मिटवली.

"सर," तो म्हणाला, "एवढी वर्सं मी त्या पंचालाच शिव्या देत राहिलो की हो."

आणि पुढच्या सीटकडं वळला.